कोल्हापुरांत बोललेला पहिला कानडी बोलपट

रायगड जिल्ह्यांत, श्रीवर्धन तालुक्याच्या समुद्रकांठीं, नारळीपोफळींच्या दाट सावलींत दिवेआगर हें गांव वसलेलें आहे. मराठी भाषेच्या अभ्यासकास या गांवाचें नांव फार जवळचें आहे. शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६० या सालचा एक ताम्रपट येथें मिळाला. गांवांतील एका व्यवस्थेची नोंद त्यावर मराठींत कोरलेली असून, जुन्या मराठीचे जे अगदीं थोडे सनवार पुरावे हातीं आहेत त्यांत त्याची गणना होते. तो कोरणाऱ्याला आपण भाषेचा इतिहास लिहीत आहों अशी कल्पना असण्याचें कांहीं कारण नव्हतें. झालेला ठराव टिकावा, एवढाच त्याचा हेतु. तांबें टिकलें म्हणून ठराव टिकला, आणि ठरावाबरोबर त्या दिवसांची भाषाहि टिकली.

विषय बोलपटाचा, आणि आरंभ ताम्रपटानें कां, असें कोणी विचारील. त्याचें कारण असें. शेजारच्या कानडी भाषेचा पहिला बोलपट लोकांपुढें आला तो ३ मार्च १९३४ रोजीं. त्या बोलपटाचें नांव ‘सती सुलोचना’. रावणाचा पुत्र इंद्रजित याच्या युद्धाची, वधाची आणि त्याच्या पत्नीच्या धैर्याची ती कथा. हा बोलपट कानडी मुलखांत तयार झाला नाहीं. तो तयार झाला कोल्हापुरांत. साडेनऊशेंहून अधिक वर्षांचा दिवेआगरचा ताम्रपट आज वाचतां येतो. परंतु ज्याला अजून शंभर वर्षेंहि झालीं नाहींत त्या या बोलपटाची एकहि प्रत आज उपलब्ध नाहीं. एका भाषेनें पडद्यावर उच्चारलेले पहिले शब्द असे विरून गेले आहेत. तो बोलपट कसा घडला, मराठी मुलखाशीं त्याचें नातें काय, आणि असे चित्रपट नाहींसे कां होतात, हें पाहणें म्हणूनच अगत्याचें आहे.

मराठी आणि कानडी यांची देवघेव जुनी आहे. श्रवणबेळगोळ येथें गोमटेश्वराच्या पायाशीं कानडी लेखांच्या शेजारीं मराठी ओळी कोरलेल्या आहेत, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. रंगभूमीच्या बाबतींत तर मराठीनें कानडीचें ऋण उघडपणें मानावें असा प्रसंग घडलेला आहे. १८४२ च्या सुमारास उत्तर कानडा जिल्ह्यांतील कर्की येथील भागवत मंडळींचा एक मेळा सांगलीस आला. त्यांचे खेळ पाहून सांगलीचे अधिपति चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनीं, असेंच कांहीं मराठींत व्हावें म्हणून, आपल्या पदरच्या विष्णुदास भावे यांस आज्ञा केली. आणि १८४३ सालीं ‘सीतास्वयंवर’ हा खेळ उभा राहिला. मराठी नाटकाचा जन्म तेथूनच धरण्याची रीत आहे.

या भावे पद्धतीच्या खेळांत प्रेक्षकांस सर्वांत प्रिय कोण असेल, तर तो राक्षस. तोंड रंगवून, केंस मोकळे सोडून, ‘अललडुर्र’ अशी आरोळी ठोकीत तो रंगभूमीवर उडी घेई, तलवारीचे हात करी, आणि पुढच्या रांगेंतील मुलें भिऊन मागें सरत. विद्वानांनीं पुढें या प्रकाराची पुष्कळ थट्टा केली. परंतु सामान्य प्रेक्षकाची आवड त्या आरोळींत सांपडते. देव जिंकणार, हें त्याला ठाऊकच असे. राक्षस कसा लढतो, हें पाहण्यासाठीं तो पैसे मोजी. यक्षगानांतील वीरांचे आवेश आणि भाव्यांच्या राक्षसाची उडी या एकाच घराण्यांतल्या गोष्टी आहेत. आणि आजचा देमार चित्रपट त्याच घराण्याचा वंशज आहे.

पडद्यावर हें घराणें मराठी मुलखांत प्रथम कोल्हापुरास नांदूं लागलें. बाबूराव पेंटर यांनीं विष्णुपंत दामले यांच्या साहाय्यानें चित्रणाचें यंत्र स्वतः घडविलें, आणि १९१८ च्या सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनीचें काम सुरू झालें. कंपनीचा पहिला मूकपट ‘सैरंध्री’ १९२० सालीं पुण्यास झळकला. त्यांतील कीचकवधाचें दृश्य इतकें हुबेहूब वठलें होतें कीं तें पुढें काढून टाकावें लागलें, असें चित्रपटांच्या इतिहासकारांनीं नमूद केलें आहे. १९२३ सालीं याच कंपनीनें हरि नारायण आपटे यांच्या कादंबरीवरून ‘सिंहगड’ काढला. तानाजीचें काम बाळासाहेब यादव यांनीं केलें, आणि शेलारमामाचें काम करणारा तरुण पुढें व्ही. शांताराम म्हणून प्रसिद्धीस आला. रात्रीची लढाई कृत्रिम प्रकाशांत चित्रित करण्याचें धाडस या चित्रपटांत झालें. याच कंपनींत उमेदवारी केलेले मास्टर विठ्ठल पुढें मुंबईच्या साहसपटांचे अत्यंत लोकप्रिय नायक झाले, आणि १९३१ सालीं ‘आलम आरा’ हा पहिला हिंदी बोलपट निघाला तेव्हां नायकाची भूमिका त्यांच्याकडेच आली.

कोल्हापूर हें अशा चित्रपटांना अनुकूल कां ठरलें, हें समजण्यास फार खोल जाण्याचें कारण नाहीं. शहरांत पेठोपेठीं तालमी होत्या. शाहू महाराजांनीं १९१२ सालीं बांधविलेलें खासबागेचें मैदान कुस्तीसाठीं देशभर गाजत होतें. दांडपट्टा, लाठी, बोथाटी यांचे मर्दानी खेळ तरुणांच्या अंगवळणीं पडलेले होते. ज्याला पडावें कसें हें ठाऊक आहे, त्यालाच पडद्यावर पाडतां येतें. आणि पडण्याची विद्या तांबड्या मातींत शिकलेलीं माणसें तेथें हवीं तेवढीं मिळत. भोंवतीं पन्हाळ्यासारखे किल्ले, मोकळें माळरान, आणि संस्थानच्या राजघराण्याचा कलांना उदार आश्रय. १९२९ सालीं कोल्हापुरांतच प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली, आणि ६ फेब्रुवारी १९३२ रोजीं तिचा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट प्रकाशित झाला. प्रभात १९३३ सालीं पुण्यास गेली खरी. परंतु तिनें रुजविलेली कारागिरी आणि कारागिरांची पिढी कोल्हापुरांत शिल्लक राहिली.

त्या वेळीं दक्षिणेंतील भाषांच्या बोलपटांना स्वतःचें घर नव्हतें. तामिळ भाषेचा पहिला बोलपट ‘कालिदास’ १९३१ सालीं आणि तेलुगूचा ‘भक्त प्रल्हाद’ १९३२ सालीं, हे दोन्ही मुंबईंत तयार झाले. म्हैसूर संस्थानांत नाटक मंडळ्या नामांकित होत्या, प्रेक्षक उत्सुक होते; परंतु आवाज मुद्रित करण्याची सोय असलेला स्टुडिओ तेथें नव्हता. अशा वेळीं बेंगळूर येथें व्यापारानिमित्त स्थायिक झालेले मारवाडी गृहस्थ चमनलाल डुंगाजी यांनीं साउथ इंडिया मूव्हीटोन ही संस्था काढली, आणि पहिला कानडी बोलपट काढण्याचें मनावर घेतलें. दिग्दर्शनासाठीं वाय. व्ही. राव आले, ते मूळचे तेलुगू भाषिक. कथा, संवाद आणि पदें बेळ्ळावे नरहरि शास्त्री यांनीं लिहिलीं. इंद्रजिताची भूमिका एम. व्ही. सुब्बय्या नायडू यांस, रावणाची आर. नागेंद्रराव यांस आणि सुलोचनेची त्रिपुरांबा यांस मिळाली. लक्ष्मणाचें काम दिग्दर्शकांनीं स्वतःकडे ठेविलें. नायडू आणि नागेंद्रराव हे रंगभूमीवरचे जुने सोबती. त्यांची नाटक मंडळी कर्नाटकांत नांवाजलेली होती.

ही सारी मंडळी कोल्हापूरच्या छत्रपति स्टुडिओंत येऊन दाखल झाली. पैसा मारवाडी व्यापाऱ्याचा, दिग्दर्शक तेलुगू, नट आणि कवि कानडी, जागा मराठी. सुमारें चाळीस हजार रुपये खर्चून दोन महिन्यांत काम पुरें झालें. भाषांच्या नांवानें आज जे वाद घातले जातात ते घालण्यास त्या दोन महिन्यांत कोणास फुरसत झाली नसावी. सांगलीनें १८४३ सालीं कानडी मेळ्याकडून जें घेतलें होतें, त्याचा कांहीं अंश कोल्हापुरानें एक्याण्णव वर्षांनीं असा परत केला.

सुलोचनेची कथा मराठी श्रोत्यांस नवी नाहीं. श्रीधरांच्या ‘रामविजया’च्या पोथींतून आणि हरिदासांच्या कीर्तनांतून ती कोंकणांत व देशावर घरोघर पोंचलेली आहे. लक्ष्मणाच्या बाणानें इंद्रजिताचा हात तुटून सुलोचनेच्या अंगणांत येऊन पडतो. तो हातच तिला घडलेलें वर्तमान लिहून कळवितो. मग ती पतीचें शिर मागण्यासाठीं शत्रूच्या छावणींत, रामापुढें, निर्भयपणें जाऊन उभी राहते. एका बाजूस मायावी युद्ध आणि दुसऱ्या बाजूस स्त्रीचें दुःख, असा या कथेचा दुहेरी पीळ आहे. राक्षसपक्षाचा वीर येथें नायक आहे, हें विशेष. ज्याची आरोळी ऐकून मुलें भीत असत, त्याच्या घरांतील शोक या कथेनें दाखविला.

असें युद्ध त्या काळीं पडद्यावर उभें करणें सोपें नव्हतें. मूकपटांत मारामारी घेतांना यंत्राची मूठ जरा सावकाश फिरवीत. मग तीच फीत नेहमींच्या गतीनें दाखविली कीं तलवारी विजेसारख्या चालत. बोलपटांत यंत्र सेकंदाला चोवीस चित्रें या ठराविक गतीनें चालूं लागलें, कारण गति बदलली तर आवाज बिघडतो. त्यामुळें संवादासह घेतलेल्या दृश्यांत नटाला खरोखरच चपळ असावें लागे. शिवाय ध्वनिग्राहक यंत्र कोणाचीहि भीड धरीत नसे. लांकडी तलवारीला रुपेरी रंग दिला तर डोळा फसतो. कान फसत नाहीं. बाहेरच्या चित्रणांत वारा, कावळे, दूरची बैलगाडी हीं सर्व न बोलावतां बोलत. प्रकाशासाठीं सूर्यावर भिस्त असे. चंदेरी कागद लावलेल्या फळ्या हातांत धरून माणसें ऊन नटांच्या तोंडावर फेंकीत, आणि ढग आला कीं सेनेसह सेनापति स्वस्थ बसे. गाणीं मागाहून दुसऱ्याच्या गळ्यांतून घालण्याची सोय अजून झालेली नव्हती. गाणाऱ्या नटाला स्वतःच, यंत्रापुढें, त्याच क्षणीं गावें लागे. नुकताच धापा टाकीत असलेला वीर पुढच्या क्षणीं सुरांत गाऊं शकत नाहीं, ही साधी गोष्ट लक्षांत घेतली तर त्या मंडळींची मेहनत ध्यानांत येईल.

मायावी युद्धासाठीं मात्र दादासाहेब फाळके यांनीं घालून दिलेला मार्ग उपयोगी पडे. यंत्र मध्येंच थांबवून नटाला बाजूस काढावयाचें आणि पुन्हां सुरू करावयाचें, कीं पाहणाऱ्यास तो अदृश्य झालेला दिसे. काळ्या पडद्यापुढें एक चित्र घेऊन, फीत मागें फिरवून, तिच्यावरच दुसरें चित्र घेतलें, कीं तुटलेलें शिर अधांतरीं राही. १९१३ पासून या युक्त्या आपल्या कारागिरांच्या हातांत खेळत होत्या. मेघाआडून लढणारा इंद्रजित हा अशा युक्त्यांसाठींच जणू निर्माण झालेला नायक होता.

बेंगळूरच्या सिटी मार्केटजवळील पॅरामाउंट चित्रगृहांत हा बोलपट लागला आणि सहा आठवडे भरगच्च गर्दींत चालला. सुमारें तीन तासांचा तो खेळ होता. नागेंद्ररावांचा रावण लोकांना फार आवडला. त्याच वर्षीं ‘भक्त ध्रुव’ हा दुसरा कानडी बोलपट प्रकाशित झाला. त्याचे दिग्दर्शक पार्श्वनाथ आळतेकर हे तर मराठी रंगभूमीवरील जाणते कलावंत. म्हणजे कानडी बोलपटाच्या पहिल्या दोन पावलांपैकीं एकाला मराठी भूमि मिळाली आणि दुसऱ्याला मराठी मार्गदर्शक मिळाला.

त्या घराण्याचा विस्तार आज किती झाला आहे, हें सांगावयास नको. २१ डिसेंबर २०१८ रोजीं प्रकाशित झालेला प्रशांत नील यांचा ‘के. जी. एफ.’ हा कानडी देमार चित्रपट हिंदी, तेलुगू, तामिळ व मल्याळम भाषांतहि दाखविला गेला. कोलारच्या सोन्याच्या खाणींची पार्श्वभूमि, यश या नटाची भूमिका, धुळीनें आणि काजळीनें माखलेले प्रचंड देखावे, यांमुळें तो महाराष्ट्रांतहि गाजला. साहसदृश्यांसाठीं त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. एप्रिल २०२२ मध्यें आलेल्या दुसऱ्या भागानें लोकप्रियतेचे पूर्वींचे पुष्कळ उच्चांक मोडले. ज्या भाषेचा पहिला बोलपट स्टुडिओ शोधीत परमुलखांत आला, ती भाषा आज साऱ्या देशाच्या चित्रगृहांत जाऊन बसली आहे.

परंतु या वैभवाला एक काळी कडा आहे. ७ नोव्हेंबर २०१६ रोजीं बेंगळूरजवळील तिप्पगोंडनहळ्ळी जलाशयावर एका कानडी चित्रपटाचें चित्रण चाललें होतें. हेलिकॉप्टरमधून तिघांनीं पाण्यांत उड्या घेतल्या. नायक वांचला, खलनायकाचीं कामें करणारे दोन तरुण नट बुडून मरण पावले. भाव्यांच्या खेळांतला राक्षस मरून पडे आणि पडदा पडल्यावर उठून तोंड धुई. प्रेक्षकांची हौस भागविण्यासाठीं माणसानें खरोखर मरावें, असा करार या कलेनें कधींहि केलेला नव्हता. जी विद्या तालमींत सावकाश, वस्तादाच्या नजरेखालीं शिकविली जाई, तिचा पहिला पाठ ‘आधीं स्वतःला संभाळ’ हाच असे. तो पाठ नव्या यंत्रांच्या घाईंत विसरला जाऊं नये.

आतां राहिला प्रश्न नाहींसें होण्याचा. त्या काळच्या चित्रफिती ज्या द्रव्याच्या बनत तें नायट्रेट अत्यंत ज्वालाग्राही. दमट हवेंत ती फीत चिकट होते, मग तिची भुकटी होते. आगींत तर क्षणांत सर्वस्व जातें. १९४८ सालीं गांधीजींच्या हत्येनंतर उसळलेल्या दंगलींत भालजी पेंढारकर यांचा कोल्हापूरचा स्टुडिओ जाळला गेला. ८ जानेवारी २००३ रोजीं पुण्यास प्रभातच्या जुन्या आवारांतील नायट्रेट फितींचें कोठार आगीच्या भक्ष्यस्थानीं पडलें. आग आणि दमटपणा यांखेरीज तिसरा शत्रु म्हणजे मनुष्याचा लोभ. फितीवरील लेपांत चांदी असते. खेळ जुना झाला कीं फीत भंगाराच्या भावानें विकली जाई. तिच्यांतील चांदी धुऊन काढीत, आणि उरलेल्या पारदर्शक पट्टीपासून बांगड्यांसारख्या वस्तु होत. ‘आलम आरा’ गेला. ‘सिंहगड’ गेला. बाबूराव पेंटरांच्या मूकपटांपैकीं ‘मुरलीवाला’, ‘सती सावित्री’ अशा एखाददुसऱ्याचे अंश तेवढे राहिले. ‘सती सुलोचना’ गेली ती याच वाटेच्या गर्दींत.

लोभानें घडण कशी नष्ट होते, याचा दाखला दिवेआगरकरांना बाहेर शोधावा लागत नाहीं. १९९७ च्या नोव्हेंबर महिन्यांत या गांवांतील एका वाडींत खणतांना तांब्याच्या पेटींत ठेविलेला गणपतीचा सोन्याचा मुखवटा सांपडला. तेव्हांपासून गांवाला यात्रेचें रूप आलें. मार्च २०१२ मध्यें दरोडेखोरांनीं देवळांतील दोन पहारेकऱ्यांचा जीव घेतला आणि मुखवटा पळविला. गुन्हेगार पकडले गेले, शिक्षा झाल्या, सोनेंहि हस्तगत झालें. परंतु तें सांपडलें तेव्हां त्याची लगड झालेली होती. २०२१ च्या नोव्हेंबरांत नव्या मुखवट्याची प्रतिष्ठापना होऊन देवळांत पुन्हां दर्शनाची गर्दी सुरू झाली. परंतु जुन्या कारागिराच्या हातची ती मुद्रा कांहीं परत आली नाहीं. सोन्याला तोळ्यांत मोजणारा आणि चित्रफितीला चांदींत मोजणारा, दोघेहि सारखेच आंधळे. फरक एवढाच कीं पहिल्याला कायद्यानें चोर म्हटलें, आणि दुसऱ्यानें रीतसर पावती फाडली.

यावर उपाय नाहीं असें मात्र नाहीं. १९६४ सालीं पुण्यांत स्थापन झालेलें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आतां राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा भाग झालें असून, जुन्या फिती, जाहिराती, छायाचित्रें, गाण्यांच्या चोपड्या यांचें जतन तेथें केलें जातें. बोलपट नाहींसा झाला तरी त्याच्या कडेकडेनें कितीतरी गोष्टी उरतात. चित्रगृहाच्या दारांत वांटलेली आणा-दोन आण्यांची पदांची चोपडी, रंगपट करणाऱ्याच्या वहींतील हिशेब, सैनिकाच्या वेषांत काढून घेतलेलें एखाद्या पैलवानाचें छायाचित्र, हीं कोल्हापूर, सांगली, बेळगांव, धारवाड इकडील माळ्यांवर अजून पडून असण्याचा संभव आहे. घर आवरतांना हा कागद रद्दींत जातो. घरच्या माणसाला त्यावरील अक्षर कानडी आहे एवढेंच कळतें. तें काय आहे हें विचारण्यास शेजारच्या भाषेंतला कोणी जवळ नसतो.

समुद्राच्या खाऱ्या हवेंत तांब्याला हिरवा गंज चढतो, तरी अक्षर जात नाहीं. चित्रफितीला ती शक्ति नाहीं. तिला माणसाच्या काळजीचीच गरज लागते. कोल्हापुरांत दोन महिने रात्रंदिवस खपून ज्यांनीं एका भाषेला पडद्यावर वाचा दिली, त्यांतील प्रमुखांचीं नांवें तरी इतिहासांत राहिलीं. ऊन फेंकणाऱ्या फळ्या धरणारे, ढाल घेऊन पडणारे, राक्षसांच्या गर्दींत उभे राहणारे कोल्हापूरचे तालीमबाज यांचीं नांवें कोणीं लिहून ठेविलीं नाहींत. त्यांच्यापैकीं कोणाचें छायाचित्र कोठें ट्रंकेच्या तळाशीं सांपडलें, तर त्याच्या मागें नांव, गांव आणि साल लिहून तें संग्रहालयाकडे पोंचतें करावें. दिवेआगरच्या अज्ञात कोरक्यानें आपलें काम याहून निराळें केलें नव्हतें.